माझं सेवापुस्तक मागितलं गेलं तेव्हा : त्रयस्थ पक्षाच्या नोटिशीचा अनुभव

माहिती अधिकारात अर्ज कसा करायचा, यावर मराठीत भरपूर लिहिलेलं सापडतं. पण ज्याच्याबद्दल अर्ज झालाय त्या कर्मचाऱ्याने, म्हणजे कायद्याच्या भाषेत 'त्रयस्थ पक्षा'ने, काय करायचं, हे शोधायला गेलं तर हाती फारसं काही लागत नाही. मला गेल्या वर्षी ते शोधावं लागलं. प्रकरण आता मिटलंय, म्हणून तारीखवार लिहून ठेवते. उद्या तुमच्या टेबलावर असंच पत्र आलं तर निदान पहिली रात्र तरी बरी जाईल.

मी एका पंचायत समितीत वरिष्ठ सहायक आहे. जिल्हा सांगत नाही. ९ जून २०२५ ला आमच्या शिपाईमामांनी डाकवही पुढे केली आणि एका पत्रापुढे सही मागितली. विषय होता, 'माहितीचा अधिकार अधिनियम २००५ च्या कलम ११(१) अन्वये त्रयस्थ पक्षास सूचना'. खाली चार ओळी : आपल्याशी संबंधित माहिती एका अर्जदाराने मागितली आहे, ती देण्याचे या कार्यालयाने योजिले आहे, आपले म्हणणे दहा दिवसांत लेखी सादर करावे. सही कुणाची, तर आमच्याच सहायक प्रशासन अधिकाऱ्यांची. अशा अर्जांवर निर्णय करणारे जन माहिती अधिकारी तेच. रोज सकाळी ज्यांना नमस्कार घालते त्यांनी मला 'त्रयस्थ' म्हणून पत्र धाडलं होतं.

छातीत धस्स झालं हे खरं. नोकरीत कुणाचा एक रुपया खाल्लेला नाही, तरी आपल्या नावाने कुणीतरी कागद काढायला बसलंय म्हटल्यावर पोटात गोळा येतोच. त्यात टेबलावरच्या मंडळींचे सल्ले सुरू झाले. 'कुणाचं तरी काम अडवलं असशील.' 'नंबर काढ, भेट आणि मिटवून टाक.' हा दुसरा सल्ला अजिबात ऐकू नका. कलम ६(२) प्रमाणे अर्जदाराला कारण सांगावं लागत नाही, आणि तुम्ही स्वतः जाऊन विचारलंत तर उद्या तोच दबाव ठरू शकतो. फोन करण्याने भलं झाल्याचं उदाहरण मी तरी पाहिलेलं नाही.

पहिली गोष्ट केली ती अशी की डाकवहीत सहीखाली तारीख घातली आणि पाकिटावरही तीच लिहिली. साधी वाटते, पण पुढचं सगळं गणित तिच्यावर बसतं. अर्ज आल्यापासून पाच दिवसांत माहिती अधिकाऱ्याने त्रयस्थ पक्षाला कळवायचं असतं. मूळ अर्ज आला होता १९ मे ला, म्हणजे कार्यालय तिथेच मागे पडलेलं होतं. पण आपले दहा दिवस नोटीस हातात पडल्यापासून मोजतात, पत्रावरच्या तारखेपासून नाही. मला १९ जूनपर्यंत मुदत होती. पत्रावरच्या तारखेने ती आठवडाभर आधीच संपली असती.

दुसऱ्या दिवशी मूळ अर्जाची प्रत लेखी मागितली. नोटिशीत 'आपली वैयक्तिक माहिती' एवढंच होतं आणि काय मागितलंय हे कळल्याशिवाय कशाला हरकत घ्यायची ते ठरत नाही. प्रत मिळाली, पण कशी, तर अर्जदाराचा घरचा पत्ता आणि मोबाइल नंबर उघडा ठेवून! माझी गोपनीयता जपायची का, हे विचारायला निघालेल्या कार्यालयाने त्याची गोपनीयता झेरॉक्स मशिनवरच संपवली होती. मी त्या दोन ओळींवर कागदाची पट्टी चिकटवली आणि प्रत फाइलला लावली.

अर्ज जोडपत्र 'अ' मध्ये, दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावलेला. आपल्या राज्याच्या नियमात दीडशे शब्दांची आणि एका विषयाची मर्यादा आहे, पण तेवढ्यात माणूस पुष्कळ काही मागू शकतो. २०२३ मध्ये पदोन्नती मिळालेल्या आम्हा तिघांची नावं देऊन त्याने मागितलं होतं : सेवापुस्तकाची (नोकरीतल्या सगळ्या नोंदींच्या पुस्तकाची) संपूर्ण साक्षांकित प्रत, नियुक्ती आणि पदोन्नतीचे आदेश, शैक्षणिक, टंकलेखन व एमएस-सीआयटी प्रमाणपत्रं, २०१५ पासूनच्या सगळ्या रजा 'वैद्यकीय प्रमाणपत्रांसह', वेतनचिठ्ठ्या, मत्ता व दायित्वाची (मालमत्ता आणि कर्जाची) विवरणपत्रं आणि गोपनीय अहवाल.

'वैद्यकीय प्रमाणपत्रांसह' या दोन शब्दांवर माझी नजर अडकली. २०२१ मध्ये मी बरीच मोठी वैद्यकीय रजा घेतली होती. आजार कोणता, ते कार्यालयात तीनच माणसांना माहीत आहे आणि इथेही लिहिणार नाही. बाकीची यादी मी नंतर वाचली.

तिघांपैकी एका सहकाऱ्याने कर्मचारी संघटनेकडून तयार मसुदा आणला. दोन ओळींचा : माझी कोणतीही माहिती देण्यास माझी सक्त हरकत आहे. दुसऱ्याने उत्तरच द्यायचं नाही ठरवलं. 'मी हो म्हटलं नाही म्हणजे देता येणार नाही' असा त्याचा हिशेब. आपल्या खात्यात हा समज फार पक्का बसलाय. कलम ११ त्रयस्थ पक्षाला नकाराधिकार देत नाही. म्हणणं मांडायची संधी देतं, बस्स. माहिती अधिकाऱ्याने ते विचारात घ्यायचं आणि निर्णय त्यानेच करायचा, अर्ज आल्यापासून चाळीस दिवसांच्या आत. तुम्ही गप्प बसलात तर तो तुमच्याशिवाय निर्णय करतो, आणि सरसकट नाही म्हणालात तर त्याच्यापुढे विचारात घ्यायला काही उरत नाही.

संघटनेच्या एका निवृत्त पदाधिकाऱ्यांनी मला एक निकाल दिला. गिरीश रामचंद्र देशपांडे विरुद्ध केंद्रीय माहिती आयोग, सर्वोच्च न्यायालय, ३ ऑक्टोबर २०१२. 'हा लावा आणि झोपा,' म्हणाले. कर्मचाऱ्याचे मेमो, कारणे दाखवा नोटिसा, शिक्षेचे आदेश, मालमत्तेचा तपशील, प्राप्तिकर विवरणपत्रं ही वैयक्तिक माहिती आहे. कर्मचाऱ्याचं काम कसं आहे हा मुळात तो आणि त्याची आस्थापना यांच्यातला, सेवानियमांचा विषय आहे. मोठं सार्वजनिक हित दाखवलं तरच ती उघड करता येईल, असं त्यात म्हटलंय. त्याची झेरॉक्स आपल्याकडे हातोहात फिरते. पण फिरते ती बहुधा पहिली दोन पानं. सार्वजनिक हिताचं वाक्य त्यानंतर येतं.

मग मी घरी बसून कायदाच वाचला. 'यशदा' या राज्याच्या प्रशिक्षण संस्थेने मराठीत काढलेलं साहित्य होतं, अधिनियमाचं मराठी रूपही मिळतं. कलम ८(१)(ञ), ज्याला आपण बोलताना 'आठ एक जे' म्हणतो, तेव्हा असं होतं : ज्या वैयक्तिक माहितीचा सार्वजनिक कामकाजाशी किंवा हिताशी संबंध नाही, किंवा जी उघड केल्याने व्यक्तीच्या खासगी जीवनात अनाठायी हस्तक्षेप होईल, ती देण्याचं बंधन नाही; मात्र व्यापक सार्वजनिक हितासाठी ती देणं समर्थनीय आहे अशी अधिकाऱ्याची खात्री झाली तर देता येते. म्हणजे प्रश्न 'वैयक्तिक आहे का' इथे संपत नव्हता, तिथून सुरू होत होता. २०१९ च्या नोव्हेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने सुभाषचंद्र अग्रवाल प्रकरणात हेच सविस्तर मांडलं. शैक्षणिक पात्रता, मूल्यमापन अहवाल, शिस्तभंगाची कार्यवाही, वैद्यकीय नोंदी, मत्ता व दायित्व हे सगळं वैयक्तिक माहितीत धरलं, पण त्याभोवती कायमची भिंत घातली नाही. सार्वजनिक हित तोलून बघा म्हटलं.

हे वाचल्यावर मला एक गोष्ट स्वच्छ दिसली आणि सांगण्यासारखं माझ्याकडे खरं तर एवढंच आहे. हरकत आपल्या नावावर घ्यायची नसते, कागदावर घ्यायची असते. एकेका पानावर.

त्यासाठी पान बघायला हवं. मी आस्थापना टेबलावर माझं सेवापुस्तक पाहण्यासाठी अर्ज दिला. आपलं सेवापुस्तक आपल्याला दरवर्षी दाखवून सही घ्यायची असते, पण प्रत्यक्षात बहुतेकांनी ते रुजू होताना आणि वेतननिश्चितीच्या वेळी पाहिलेलं असतं. जेवणाच्या सुट्टीत आस्थापनेच्या सहायकाने कपाटातून काढून दिलं. पुठ्ठ्याची कड वाळवीने कुरतडलेली, आत टाचणीचे गंजलेले डाग.

पहिलंच पान बघा. नाव, वडिलांचं नाव, जात, जन्मतारीख, कायमचा पत्ता, उंची, आणि 'ओळखण्याच्या खुणा' यापुढे कुणीतरी निळ्या शाईने माझ्या मानेवरच्या तिळाची नोंद केलेली. खाली बोटांचे ठसे. हे पान मी सतरा वर्षांपूर्वी निमूटपणे भरून दिलं होतं. त्याची साक्षांकित प्रत कुणा अनोळखी माणसाच्या घरी जाणार या नजरेने ते कधी पाहिलंच नव्हतं. पुढे गेल्यावर गट विम्याचं नामनिर्देशन, त्यात नवऱ्याचं नाव, मुलीची जन्मतारीख, कुणाला किती टक्के. वेतन पडताळणी पथकाचे शिक्के. रजा लेख्याची पानं, आणि त्याच्या मागे सुतळीने ओवलेली रजेची मूळ प्रकरणं. २०२१ चं प्रमाणपत्र तिथेच होतं, आजाराच्या नावासकट, कुणीही पान उलटलं की दिसेल असं.

'संपूर्ण सेवापुस्तकाची प्रत' म्हटलं की एक पुस्तक डोळ्यांसमोर येतं. आत मात्र सरकारने मला काय दिलं त्याच्या नोंदी आणि माझ्या घरातल्या गोष्टी एकाच सुतळीत ओवलेल्या असतात. हे वेगळं काढून दाखवायचं काम त्रयस्थ पक्षाने केलं तर माहिती अधिकाऱ्याचंही सोपं होतं. तो बिचारा शंभर कामांतला एक.

दोन रात्री बसून उत्तर लिहिलं. काय द्यायला हरकत नाही, ते सगळ्यात आधी. नियुक्ती आदेश, पदोन्नती आदेश, ज्येष्ठता यादी : बिनशर्त द्या. टंकलेखनाचं मराठी ३० आणि इंग्रजी ४० चं प्रमाणपत्र, एमएस-सीआयटी, पदवी : द्या. ही कागदपत्रं दाखवून मी सार्वजनिक पैशातली जागा घेतली आहे, ती खरी आहेत का हे बघायचा हक्क लोकांना असायला हवा असं माझं प्रामाणिक मत आहे. मुंबई उच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४ मध्ये पुणे जिल्हा न्यायालयाच्या कनिष्ठ लिपिक भरतीच्या प्रकरणात इतर उमेदवारांचे गुणसुद्धा द्यायला सांगितले होते. तिथे प्रमाणपत्राला कसली हरकत घ्यायची? फक्त गुणपत्रकावरचा आसन क्रमांक आणि जन्मतारीख झाकावी, असं लिहिलं.

पगाराचंही तसंच. कलम ४ प्रमाणे प्रत्येक कार्यालयाने जे १७ मुद्दे स्वतःहून जाहीर करायचे असतात, त्यात अधिकारी-कर्मचाऱ्यांचं मासिक वेतन येतंच. मूळ वेतन, महागाई भत्ता, घरभाडे भत्ता, एकूण वेतन हे लपवण्यात काही अर्थ नाही. पण वेतनचिठ्ठीचा डावा रकाना वेगळा आणि उजवा वेगळा. उजवीकडे पतसंस्थेचा हप्ता, विम्याची कपात, भविष्य निर्वाह निधीत किती टाकते, बँक खातं, पॅन. सरकारने मला किती दिलं हे जनतेचं. त्यातलं मी कुठे किती भरलं हे माझं. म्हणून डावा रकाना द्यावा, उजवा झाकावा, आणि त्यासाठी कलम १० चा आधार दिला. एखाद्या कागदाचा काही भाग देण्याजोगा आणि काही नसेल तर भाग वेगळा करून देता येतो, असं ते कलम सांगतं. आपल्या कार्यालयांत त्याची फारशी कुणाला आठवण नसते. नाव घेऊन मागितलं तर मिळतं.

रजेवर सगळ्यात जास्त वेळ गेला. रजेचा प्रकार, कधीपासून कधीपर्यंत, मंजुरी आदेशाचा क्रमांक, हे द्यायला मी होकार दिला. कर्मचारी किती दिवस खुर्चीवर नव्हता हे लोकांनी विचारलं तर त्यात गैर काय? प्रमाणपत्राला मात्र हरकत. शब्द असे लिहिले : 'सदर प्रमाणपत्रात आजाराचे स्वरूप व उपचाराचा तपशील नमूद असून ती माझी आरोग्यविषयक वैयक्तिक माहिती आहे. सदर प्रमाणपत्राच्या आधारे मी परिवर्तित रजेव्यतिरिक्त बदली, पदस्थापना अथवा अन्य कोणताही लाभ घेतलेला नाही. सबब ती उघड करण्यात कोणतेही व्यापक सार्वजनिक हित साध्य होत नाही.'

दुसरं वाक्य मी मुद्दाम घातलं. बदल्यांमध्ये विशेष संवर्गातून सूट मिळवण्यासाठी आजारपणाची प्रमाणपत्रं जोडतात, आणि त्यातली काही बोगस असतात हे आपण सगळेच जाणतो. तशा प्रमाणपत्रामुळे दुसऱ्या कुणाला तरी दुर्गम गावात जावं लागतं. तिथे खासगीपणाच्या आड लपता येऊ नये. रजेपुरत्या प्रमाणपत्राची गोष्ट निराळी आहे. हा फरक आपणच मांडला नाही तर माहिती अधिकाऱ्याला तो कळायचा कुठून?

नामनिर्देशन, पहिल्या पानावरचा पत्ता, ठसे, खुणा यांना हरकत. गोपनीय अहवाल आणि मत्ता-दायित्व यांना हरकत, तिथे दोन्ही निकालांचा उल्लेख. यावर मी जास्त लिहिलं नाही, कारण निकालांनीच पुरेसं लिहिलेलं आहे.

उत्तर १७ जूनला आवकला दिलं आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख, सही घेतली. ज्या कार्यालयात आपण काम करतो तिथे पोच मागायला संकोच वाटतो. 'मॅडम, आपल्याच कार्यालयात कशाला?' असं आवकवाल्याने विचारलंच. घ्याच. या उत्तराला फी नाही, स्टँप लागत नाही, प्रतिज्ञापत्र लागत नाही. झेरॉक्स सोडून खर्च झाला नाही. वकिलालाही गाठलं नाही. तेवढं अवघड काही त्यात नव्हतं.

२७ जूनचा निर्णय महिनाअखेरीस हातात आला. बहुतेक सगळं मी लिहिल्याप्रमाणे. आदेश आणि प्रमाणपत्रं देणार, वेतनाचा डावा रकाना देणार, गोपनीय अहवाल, मत्ता-दायित्व, नामनिर्देशन नाही. मात्र रजेच्या मुद्द्यापुढे लिहिलं होतं : 'रजा लेखा व सोबतची कागदपत्रे देण्यात येत आहेत.' प्रमाणपत्राचा वेगळा उल्लेखच नाही. मी साहेबांना भेटून विचारलं. ते म्हणाले, 'मला प्रमाणपत्र द्यायचं नव्हतं हो, पण आदेशात असं गेलंय. आता मी माझाच आदेश कसा बदलू?'

मुद्दा बरोबर होता. त्रयस्थ पक्षाला निर्णय कळवताना त्याविरुद्ध अपील करता येतं हेही त्यात लिहावं लागतं. ते लिहिलेलं होतं. मुदत आदेशाच्या तारखेपासून तीस दिवस. मी ७ जुलैला जोडपत्र 'ब' मध्ये, वीस रुपयांचा स्टँप लावून, गटविकास अधिकाऱ्यांकडे, म्हणजे बीडीओंकडे, प्रथम अपील दाखल केलं. एकच मुद्दा, एकच प्रार्थना. सोबत माहिती अधिकाऱ्यांना वेगळं पत्र : अपिलाचा निर्णय होईपर्यंत सदर कागद अर्जदारास देऊ नयेत. हे पत्र विसरू नका. अपील वर जाऊन पडतं आणि खाली टपाल निघून जातं, असं होऊ शकतं. टपालात गेलेला कागद परत मागवता येत नाही.

त्याच सुमारास अर्जदारानेही अपील केलं, नाकारलेल्या गोष्टींसाठी. मग दोन्हींची सुनावणी एकत्र, ५ ऑगस्टला, बीडीओ साहेबांच्या दालनात. मधला जुलै वाईट गेला. रोजची कामं चालू होती, जेवण जात होतं, पण झोपायच्या वेळी सुतळीत ओवलेलं ते एक पान डोळ्यांसमोर यायचं. घरी नवरा म्हणायचा, 'कळलं लोकांना तर कळलं, आजारी पडणं काय गुन्हा आहे?' गुन्हा नाही हे मलाही कळतं. पण कुणाला, कधी आणि किती सांगायचं हे मी ठरवणार, की झेरॉक्सवाला? हे त्याला पटवायला मला फार शब्द लागले, आणि मग सुनावणीत तेच शब्द उपयोगी पडले.

सुनावणीला अर्जदार आले. साठीचे गृहस्थ, हातात प्लास्टिकची पिशवी, तीत नीट क्रमांक घातलेली कागदपत्रं. मी मनात रंगवलेलं चित्र यांच्याशी कुठेच जुळत नव्हतं. त्यांच्या नात्यातलं कुणीतरी त्या पदोन्नतीत मागे राहिलं होतं आणि ज्येष्ठता यादीत घोळ आहे अशी त्यांची शंका होती. बीडीओ साहेबांनी मला बोलायला सांगितलं. मी मांडलं : किती दिवस रजेवर होते ते घ्या, का होते ते माझं. ते गृहस्थ म्हणाले, 'ताई, मला तुमच्या दुखण्याशी काय देणंघेणं? खंड धरून सेवा किती झाली तेवढं बघायचं होतं. संपूर्ण मागितलं नाही तर हे लोक अर्धंच देतात.'

हे शेवटचं वाक्य मी विसरणार नाही. अर्धं देतात म्हणून ते सगळं मागतात, सगळं मागतात म्हणून आम्ही सगळंच नाकारतो, आणि आम्ही नाकारतो म्हणून ते पुन्हा सगळं मागतात.

साहेबांनी तिथल्या तिथे विचारलं, प्रमाणपत्र सोडता का? त्यांनी सोडलं, आणि तसं लेखी दिलं. मत्ता-दायित्व मात्र सोडलं नाही. त्यात कोणतं सार्वजनिक हित, असं विचारल्यावर 'पारदर्शकता' एवढंच सांगितलं. १८ ऑगस्टच्या आदेशात माझं अपील मान्य झालं, त्यांचं अंशतः मान्य. ज्येष्ठता यादीसोबत त्यावर आलेल्या हरकती आणि त्यांवरचे निर्णयही द्यावेत, असं साहेबांनी त्यात घातलं. मला विचाराल तर त्या गृहस्थांच्या खऱ्या प्रश्नाचं उत्तर त्याच कागदांत होतं. मूळ अर्जात तेवढंच मागितलं असतं तर कलम ११ लागलंच नसतं.

माझ्या दोन सहकाऱ्यांचं काय झालं, तेही सांगते. ज्याने सरसकट हरकत घेतली होती त्याची फारशी हानी झाली नाही, पण वेतनचिठ्ठ्या उजव्या रकान्यासकट गेल्या. झाका असं कुणी सांगितलंच नव्हतं. ज्याने उत्तर दिलं नाही त्याचं पहिलं पान जसंच्या तसं गेलं, पत्ता आणि ठशांसकट. त्याला अपिलाची मुदत होती, तीही गेली. कार्यालयाने स्वतःहून कलम १० वापरायला हवं होतं हे त्याचं म्हणणं खरं आहे, आणि तरीही पान गेलं ते गेलंच.

दुसऱ्या अपिलासाठी अर्जदाराला नव्वद दिवस असतात. ते राज्य माहिती आयोगाच्या खंडपीठाकडे गेले असते तर तिथेही त्रयस्थ पक्षाला ऐकून घ्यावं लागतं, म्हणून फाइल मी हाताशीच ठेवली. नोटीस आली नाही. मुदत नोव्हेंबरच्या मध्यावर संपत आली आणि नेमकं त्याच आठवड्यात कायदाच बदलला.

२०२३ च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्याचं कलम ४४(३) नोव्हेंबर २०२५ मध्ये लागू झालं. त्याने कलम ८(१)(ञ) मधलं ते सगळं तोलणं, सार्वजनिक कामकाजाशी संबंध, अनाठायी हस्तक्षेप, अधिकाऱ्याची खात्री, काढून टाकलं. आता तिथे एवढंच उरलंय : वैयक्तिक माहितीशी संबंधित असलेली माहिती. संघटनेच्या ग्रुपवर त्या दिवशी आनंदाला उधाण आलं. 'आता कुणी काही मागूच शकत नाही.' मला अभिनंदनाचे संदेश आले, जणू मीच जिंकले.

मला आनंद झाला नाही. माझं प्रमाणपत्र जुन्याच कायद्याने वाचवलं होतं, आणि त्याच कायद्याने त्या गृहस्थांना ज्येष्ठता यादी दिली होती. डिसेंबरमध्ये शेजारच्या टेबलावर एका शिक्षिकेचा अर्ज आला. तिला तिच्याच संवर्गातल्या बदल्यांसाठी कोणाला कोणत्या निकषावर सूट दिली, याची यादी हवी होती. उत्तर एका ओळीत टाइप झालं, 'सदर माहिती वैयक्तिक माहितीशी संबंधित असल्याने देता येत नाही.' टाइप करणारा माझाच सहकारी, पहिलं पान गेलेला. मी त्याला म्हटलं, अरे, कलम ८(२) अजून जागेवर आहे. उघड करण्यातलं सार्वजनिक हित होणाऱ्या हानीपेक्षा मोठं असेल तर कायद्याने उघड न करण्याची मुभा दिलेली माहितीसुद्धा देता येते. आजाराचं नाव झाक आणि निकषाचा रकाना दे. तो म्हणाला, 'मॅडम, आता कशाला डोक्याला ताप?' उत्तर तसंच गेलं. त्या बाईंना अपिलाच्या अर्जात ८(२) लिहा असं कुणी सांगितलं की नाही, मला ठाऊक नाही. अर्जदार म्हणून हे वाचत असाल तर तुम्ही मात्र पहिल्याच अर्जात लिहा, आणि कोणतं हित ते एका वाक्यात सांगा. नुसतं 'पारदर्शकता' लिहून भागत नाही हे ऑगस्टमध्ये पाहिलंच.

त्रयस्थ पक्षाची नोटीस मात्र बंद झालेली नाही. कलम ११ आहे तसं आहे, पाच दिवस, दहा दिवस, चाळीस दिवस तेच. तेव्हा पत्र आलं तर सहीखाली तारीख घाला, अर्जाची प्रत मागा आणि सेवापुस्तक उघडून बसा. रजेची वैद्यकीय कागदपत्रं सेवापुस्तकाला न ओवता वेगळ्या बंद लिफाफ्यात ठेवावीत, असा अर्ज मी जानेवारीत आस्थापनेला दिलाय. त्यावर अजून निर्णय झालेला नाही. टिपणी सादर केली आहे, असं कळलं.